कुठाय

दाऊद पेंटरच्या हाताखाली मी होतो त्या वर्षी
हर्णैच्या बंदरात होड्यांची नावं लिहून घ्यायला कुणी येईना.
खरवडायला येत.
'दर्यादौलत' गेली रेवदंड्याच्या शेठकडे,
चोगल्यांची 'एकवीरा' लाकडाच्या भावात.
घेणारा छत्री धरून डोक्यावर उभा,
आणि मी पत्र्याच्या तुकड्यानं काढतोय
एकेक काना, एकेक वेलांटी.
'नूरे समंदर'मधला अनुस्वार तेवढा चाचांनी राहू दिला.
म्हणाले, टिंबाचे पैसे कुणी दिलेत?

डिझेल चिठ्ठीवर झालं.
चिठ्ठी मंगळवारी, डिझेल पुढच्या मंगळवारी,
कधी नुसतीच चिठ्ठी.
बर्फाच्या कारखान्यात वीज चार तास,
लादी निघायची आतून पोकळ,
तिचा दर सकाळी एक, दुपारी एक.
घाटावरचे ट्रक आले नाहीत त्या संध्याकाळी
लिलावाला बोली लावणारा एकटाच, तोही उधारीवर.
सुरमई वाळूत पडून राहिली.
कावळेसुद्धा निवडून खात होते.
सोसायटीच्या दाराला दोन कुलपं:
एक आतल्यांचं, एक बाहेरच्यांचं.

रांगेत मी ऐकत असायचो.
बर्फ कुठाय, तेल कुठाय,
कुवेतहून निघालेला ड्राफ्ट कुठाय,
पोरीच्या लग्नाची सोसायटीत ठेवलेली पुंजी कुठाय.
पुढचा शब्द रोज बदलायचा.
एका रात्री होडीच्या उरलेल्या निळ्या रंगात
सोसायटीच्या भिंतीवर मी मागचा तेवढा लिहिला:
कुठाय?

सकाळी ग्रामपंचायतीनं चुन्याचं काम काढलं.
दिलं दाऊदचाचांनाच, रोजी रोख.
म्हणजे रात्री मी लिहायचो,
सकाळी आम्ही दोघं पुसायचो,
आणि आठवडाभर दोन्ही घरांत चूल पेटली.
मग जकात नाक्यावर एक दिसलं, ते माझं नव्हतं.
कोळशानं लिहिलेलं.
मग तांबड्या मातीनं, फत्तेगडाच्या दगडावर.
मग काझींच्या कंपाउंडावर, चुकून, 'कुटाय'.

फौजदार आला दापोलीहून जीप घेऊन.
अक्षर ओळखायला चाचांना भिंतीपुढं उभं केलं.
मी बादलीतला चुना ढवळत राहिलो,
केव्हाच ढवळून झालेला.
चाचांनी चष्मा कपाळावरून खाली घेतला.
"साहेब, हे कुणा पेंटरचं काम नाही.
ठ बघा. ठ आहे का हा? उकडलेलं अंडं आहे.
प्रश्नचिन्ह म्हणजे नुसता गळ, मासाही न लागलेला.
असल्याला मी माझ्या बादलीला हात लावू देणार नाही."
फौजदार हसला. जीप गेली.
मी वाचलो,
आणि रात्रभर झोपलो नाही त्या अंड्यापायी.

दुसऱ्या दिवसापासून चुन्यात पाणी वाढलं.
किती, ते मी विचारलं नाही.
सरपंच बघून जाईपर्यंत भिंत पांढरी,
मग खारं वारं सुटलं की भुकटी उडायची
आणि निळं वर यायचं.

सतरा तारखेला बायका रिकाम्या टोपल्या घेऊन
दापोलीच्या रस्त्यावर बसल्या.
एस.टी. आसूदला अडकली.
दगड कुणी मारला ते कळलं नाही,
रेशनच्या गोदामाचं कुलूप कुणी तोडलं
ते सगळ्यांनी पाहिलं.
आत रिकामी पोती, एकावर एक.
यसूबाय चोगले वाकून बघत राहिली.
"घड्या काय नीट घातल्यात गं," म्हणाली,
आणि तिथंच मटकन बसली.

त्या रात्री रेडिओवर बातम्यांच्या वेळेला सनई लागली.
संपेना.
चाचांनी कंदील घेतला, मला ओहोटीच्या ओल्या वाळूवर नेलं.
हातात काठी दिली.
"काढ. ठ काढ.
आधी दांडी, मग गोल. पोटात हवा ठेव त्याच्या."
मी काढला. पुन्हा काढला.
मागं बंदरावर कुणीतरी ओरडत पळत होतं,
काय ते लाटांत ऐकू आलं नाही.
चाचांनी तिकडं पाहिलंही नाही.
कंदील जरा वर धरला.
"अजून अंडंच आहे," म्हणाले.